वर्षाचे उरलेले पाच दिवस : टॉल्कीनच्या जगातील कालगणना

कल्पित जगासाठी कालगणना रचायला घेतली की सर्वांत आधी सुचतात ती महिन्यांची नावे. बारा गोड नावे, चार ऋतू, दोन-तीन सण एवढे जमले की पंचांग तयार झाल्यासारखे वाटते. कसोटी त्यापुढे लागते. ऋतुचक्र एकदा पुरे व्हायला लागणारा काळ पूर्ण दिवसांत बसत नाही, चंद्राचे महिने वर्षात बसत नाहीत आणि आठवडा यांपैकी कशातच बसत नाही. खऱ्या जगातल्या प्रत्येक संस्कृतीला या बेहिशेबी शिलकीशी झगडावे लागले आहे. कल्पित जगांपैकी बहुतेकांनी हा झगडा टाळला. जे. आर. आर. टॉल्कीन यांनी तो अंगावर घेतला आणि म्हणूनच त्यांची कालगणना आजही अभ्यासण्यासारखी राहिली आहे.

‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’चा तिसरा खंड २० ऑक्टोबर १९५५ रोजी प्रसिद्ध झाला. त्याच्या शेवटी सहा परिशिष्टे आहेत. राजघराण्यांचा इतिहास, सनावळी, वंशवृक्ष, आणि त्यानंतर चौथे परिशिष्ट कालगणनेचे. जेमतेम काही पानांचे हे परिशिष्ट कथेचे वेड लागलेले वाचकसुद्धा अनेकदा उलटून पुढे जातात. त्यात एका कोष्टकासोबत चार-पाच वेगवेगळ्या लोकसमूहांच्या कालगणना, त्यांच्यात झालेल्या सुधारणा आणि राहून गेलेल्या चुका यांची नोंद आहे. ऑक्सफर्डमध्ये प्राचीन इंग्रजी भाषा व साहित्य शिकवण्यात हयात घालवलेल्या प्राध्यापकाने ती एखाद्या जुन्या हस्तलिखितावरून उतरवून घेतल्याच्या थाटात लिहिली आहे.

त्यांनी सुरुवातीलाच स्वतःचे हात बांधून घेतले. कथा जिथे घडते ते मिडल-अर्थ हे परग्रहावरचे जग नाही, ती आपलीच पृथ्वी आहे, फक्त कल्पित प्राचीन काळातली. म्हणून वर्षाची लांबीही आपल्याइतकीच ठेवली : ३६५ दिवस, ५ तास, ४८ मिनिटे, ४६ सेकंद. हे सायन सौरवर्ष झाले, म्हणजे वसंतसंपातापासून पुढच्या वसंतसंपातापर्यंतचा काळ. वर्ष नेमके ३६० दिवसांचे ठरवले असते तर तीस बारे तीनशे साठ म्हणून विषय संपला असता. ते तसे न ठरवल्यामुळे तीस दिवसांच्या बारा महिन्यांनंतर पाच दिवस उरतात आणि त्यांवर पावणेसहा तासांहून थोडा जास्त काळ. या पाच दिवसांचे आणि त्या काही तासांचे काय करायचे, या प्रश्नाला मिडल-अर्थमधल्या प्रत्येक समाजाने आपापल्या स्वभावाप्रमाणे उत्तर दिले आहे.

सर्वांत जुनी गणना एल्फांची. एल्फ म्हातारपणाने मरत नाहीत, त्यामुळे एक वर्ष त्यांच्या लेखी फार लहान. त्यांचे मोठे एकक १४४ सौरवर्षांचे, त्याला ते ‘येन’ म्हणत. सहा आणि बारा हे आकडे त्यांना प्रिय होते, म्हणून आठवडाही सहा दिवसांचा. एका येनमध्ये ५२,५९६ दिवस, म्हणजे नेमके ८,७६६ आठवडे. या आकड्यामागे वर्ष ३६५.२५ दिवसांचे धरले आहे हे गुणाकार करून पाहिले की लगेच कळते. त्यांचा दिवस सूर्यास्ताला सुरू होई आणि वर्ष वसंतात.

वर्षाचे भाग मात्र मराठी वाचकाला ओळखीचे वाटतील, कारण एल्फांचेही ऋतू सहा होते. त्यात वर्षा ऋतू नाही, ते जग वायव्य युरोपच्या हवामानाचे. त्याऐवजी उन्हाळ्यानंतर एक सुगीचा आणि एक पानगळीचा असे दोन ऋतू येतात आणि हिवाळ्यानंतर, वसंताच्या आधी, जमिनीत पुन्हा हालचाल सुरू होण्याचा एक स्वतंत्र ऋतू. हे सहाही सारखे नाहीत. उन्हाळा व हिवाळा ७२ दिवसांचे आणि बाकी चार ५४ दिवसांचे. बेरीज ३६०. उरलेल्या पाचांपैकी एक वर्षारंभी, एक वर्षाअखेरी आणि तीन सुगी व पानगळ यांच्या मधोमध. हे पाच दिवस कोणत्याच ऋतूचे नाहीत. वर्षाकाठी साचणारा पाव दिवस ते दर बारा वर्षांनी फेडत. त्या वर्षी मधले तीन दिवस दुप्पट, म्हणजे सहा होत. आपण चार वर्षांनी एक दिवस वाढवतो, ते बारा वर्षांनी तीन. हिशेब तोच, फक्त दमाचा.

पण वर्ष पूर्ण ३६५.२५ दिवसांचे नाही, सुमारे सव्वाअकरा मिनिटे कमी आहे. म्हणून रिव्हेंडेल या वस्तीतल्या एल्फांनी एक नियम ठेवला : दर तिसऱ्या येनच्या शेवटच्या वर्षी ती तीन दिवसांची भर घालायची नाही. म्हणजे ४३२ वर्षांत एकदा. हा नियम टॉल्कीन परिशिष्टात थेट सांगत नाहीत. हॉबिट या मर्त्य जमातीच्या जुन्या ग्रंथातल्या एका टिपेतून तो समजतो असे ते लिहितात, आणि ती टीप लिहिणाऱ्याने आपल्या हयातीत असे घडल्याचे पाहिलेले नाही हेही तिथे नोंदवलेले आहे. चारशे बत्तीस वर्षांतून एकदा होणारी गोष्ट कोणा हॉबिटाला दिसणार? एवढ्या एका टिपेने दोन जमातींच्या आयुष्यमानातला फरक डोळ्यांसमोर उभा राहतो. या नियमाने एल्फांचे सरासरी वर्ष ३६५.२४३१ दिवसांचे होते. खरे वर्ष ३६५.२४२२. साधारण साडेअकराशे वर्षांत एक दिवस चूक. अमर लोकांसाठी ही गणना काहीशी सैलच म्हणायला हवी.

न्यूमेनॉर या बेटावरच्या माणसांनी एल्फांकडून विद्या घेतली, पण पंचांग आपल्या सोयीने बदलले. वर्ष त्यांनी आपल्या पूर्वजांच्या रिवाजाप्रमाणे ऐन हिवाळ्यात सुरू केले. दिवस सूर्योदयापासून सूर्योदयापर्यंत मोजला. आपल्या पंचांगातला वारही असाच सूर्योदयाला बदलतो, पण न्यूमेनॉरी लोकांचे कारण वेगळे. ते दर्यावर्दी होते आणि त्यांचा सूर्य पूर्वेच्या समुद्रातून वर येई. एल्फांचे सहा वार तारे, सूर्य, चंद्र, दोन पुराणवृक्ष, आकाश आणि देवतासदृश अधिपती यांच्या नावांचे होते. न्यूमेनॉरच्या लोकांनी त्यात सातवा वार घातला तो समुद्राचा. सात दिवसांचा आठवडा कुठून आला, या प्रश्नाला इतके नेमके आणि इतके मानवी उत्तर कल्पित साहित्यात क्वचितच सापडेल.

त्यांचे महिने बारा. दहा तीस दिवसांचे, आणि वर्षाच्या मध्याला लागून असलेले दोन एकतीस दिवसांचे. ही बेरीज ३६२. राहिलेले तीन दिवस महिन्यांच्या बाहेर : वर्षाचा पहिला, मधला आणि शेवटचा. दर चौथ्या वर्षी मधल्या एका दिवसाच्या जागी दोन दिवस येत. अपवाद शतकाच्या शेवटच्या वर्षाचा, त्या वर्षी भर नाही. एवढ्यावर हिशेब थांबवला तर हजार वर्षांत २४० दिवस वाढतात, तर हवे असतात २४२ हून थोडे जास्त. म्हणून दर सहस्रकाच्या शेवटच्या वर्षी दोन दिवस वेगळे जोडले जात.

इथे टॉल्कीन यांनी एक आकडा दिला आहे तो पडताळून पाहण्यासारखा आहे. एवढे करूनही हजार वर्षांमागे ४ तास, ४६ मिनिटे, ४० सेकंदांची तूट राहते असे ते लिहितात. वर्षाचे जादा ५ तास, ४८ मिनिटे, ४६ सेकंद म्हणजे २०,९२६ सेकंद. हजार वर्षांचे झाले २ कोटी ९ लाख २६ हजार सेकंद. दिवसाचे सेकंद ८६,४००, त्याने २४२ दिवसांचे होतात २ कोटी ९ लाख ८ हजार ८००. वजाबाकी १७,२०० सेकंद. तास-मिनिटे काढली की बरोबर ४ तास, ४६ मिनिटे, ४० सेकंद. म्हणजे सरासरी सुमारे पाच हजार वर्षांत एक दिवसाची चूक. आपले ग्रेगोरियन कॅलेंडर साधारण तेहतीसशे वर्षांत एक दिवस चुकते. न्यूमेनॉरची गणना त्याहून अचूक निघते.

बहुतेक लेखक इथे समाधानाने थांबले असते. टॉल्कीन यांनी पुढे ही अचूक गणना बिघडू दिली, आणि बिघडली ती राज्य बुडाल्यामुळे. दुसऱ्या युगाच्या ३३१९ साली न्यूमेनॉर समुद्रात गेले. वाचलेल्या लोकांनी मिडल-अर्थमध्ये नवी राज्ये उभारली, जुनी गणना चालू ठेवली, पण युग बदलले तेव्हा सनाचे आकडे नव्याने सुरू झाले. ३४४२ हे साल तिसऱ्या युगाचे पहिले साल झाले. जुन्या क्रमाने लीप वर्ष तिसऱ्या साली यायला हवे होते, नव्या आकड्यांच्या सोयीने ते चौथ्या साली धरले गेले. एक लीप वर्ष एका वर्षाने पुढे गेले आणि ५ तास, ४८ मिनिटे, ४६ सेकंदांची आणखी तूट साचली. सहस्रकाची दोन दिवसांची भरही नव्या सनाच्या १००० आणि २००० साली घातली गेली, म्हणजे ४४१ वर्षे उशिरा. खतावणीत चुकीची बाकी पुढे ओढत गेल्यासारखी ही चूक दोन हजार वर्षे चालत राहिली.

तिसऱ्या युगाच्या २०५९ साली, जुन्या-नव्या सनांची बेरीज ५,५०० भरते त्या वर्षी, त्या नव्या राज्यांपैकी गॉन्डॉरचा कारभारी मार्डिल याने दोन दिवस जास्तीचे घालून २०६० पासून सुधारलेले पंचांग लागू केले. सगळे महिने तीस दिवसांचे केले आणि महिन्याबाहेरचे दिवस तीनाचे पाच केले : वर्षाची दोन टोके, मध्य, आणि वसंत व शरद संपातांच्या सुमारास एकेक. तरीही आठ तासांच्या आसपास तूट राहिली. तीनशे वर्षांनी हाडोर या कारभाऱ्याने २३६० मध्ये आणखी एक दिवस घातला, तोही तूट पुरा दिवस भरायच्या आधीच. पुढे ३००० साली पुन्हा भर घालायची वेळ आली तेव्हा युद्धाचे सावट होते आणि तिकडे कोणी लक्ष दिले नाही. ही शेवटची नोंद सगळ्या परिशिष्टात सर्वांत खरी वाटते. पंचांग दुरुस्त करायला आकाशाचे ज्ञान लागते तसेच स्थिर राज्यही लागते. ज्यूलियस सीझरच्या आधी रोमचे पंचांग ऋतूंपासून महिनोन्‌महिने सरकले होते ते पुरोहितांना गणित येत नव्हते म्हणून नव्हे. राजकारण आणि यादवी यांत अधिक मास वेळेवर घातले गेले नाहीत म्हणून.

या परिशिष्टाचे सर्वांत लाडके अपत्य म्हणजे हॉबिटांच्या मुलखाचे, शायरचे पंचांग. हॉबिट हे शेतीवाडी करणारे, खाण्यापिण्याची आवड असलेले, आपल्या मुलखाबाहेर फारसे न पडणारे लोक. त्यांनी मोठ्या राज्यांची गणना घेतली, पण मार्डिलची सुधारणा त्यांच्यापर्यंत पोचली तेव्हा ती जशीच्या तशी स्वीकारली नाही. त्यांचेही महिने तीस दिवसांचे. पाच जादा दिवस मात्र त्यांनी वर्षभर विखरून टाकले नाहीत, दोन सणांत बांधले. वर्षाचा शेवटचा आणि नव्या वर्षाचा पहिला दिवस मिळून हिवाळ्याचा ‘यूल’. जून आणि जुलै यांच्या मधले तीन दिवस उन्हाळ्याचा ‘लाइथ’, त्यातला मधला ‘मिड-इयर्स डे’. लीप वर्षात त्याच्यामागोमाग एक ‘ओव्हरलाइथ’. हा चार वर्षांनी येणारा दिवस खास मौजेचा. कथेच्या केंद्रस्थानी असलेल्या मुद्रिकेच्या इतिहासातल्या महत्त्वाच्या वर्षांत तो आलाच नाही. आला तो युद्ध संपल्यावर, शायरच्या १४२० साली, ज्या वर्षी कधी नव्हे एवढे पीक आले. त्यांचा सन मार्चो आणि ब्लँको या दोन भावांनी ब्रँडीवाइन नदी ओलांडून शायरमध्ये वस्ती केली तिथून सुरू होतो. शायरच्या सालात १६०० मिळवले की तिसऱ्या युगाचे साल मिळते.

हॉबिटांची स्वतःची म्हणावी अशी सुधारणा पुढे इझेनग्रिम दुसरा या हॉबिट प्रमुखाच्या काळात झाली. तारखांचे वार दरवर्षी सरकतात हे त्यांना गैरसोयीचे वाटे. ३६५ ला सातने भागले की एक उरतो, त्यामुळे यंदा सोमवारी आलेली तारीख पुढच्या वर्षी मंगळवारी येते. हॉबिटांनी ठरवले की मिड-इयर्स डे या दिवसाला वारच द्यायचा नाही. ओव्हरलाइथलाही नाही. हे दिवस कोणत्याच आठवड्याचे नाहीत. उरलेले ३६४ दिवस म्हणजे नेमके ५२ आठवडे. त्यानंतर प्रत्येक वर्ष शनिवारच्या जागी असलेल्या वाराला सुरू होऊ लागले, शुक्रवारच्या जागी असलेल्या ‘हायडे’ला संपू लागले आणि कोणत्याही तारखेचा वार कायमचा ठरला. एकच दिनदर्शिका दरवर्षी चालेल अशी सोय झाली. परिशिष्टातले कोष्टक एकच असण्याचे कारण हेच.

या सुधारणेचा एक परिणाम सहज ताडून पाहता येतो. वर्षाचा पहिला दिवस शनिवार, तर पहिल्या महिन्याची १ तारीख रविवारी. महिना तीस दिवसांचा, म्हणजे चार आठवडे आणि दोन दिवस. त्यामुळे पुढच्या महिन्यांच्या १ तारखा मंगळवार, गुरुवार, शनिवार, सोमवार, बुधवार अशा येतात. सहा महिन्यांनंतर पहिला लाइथ शुक्रवारी, मग बिनवाराचा मधला दिवस, दुसरा लाइथ शनिवारी आणि जुलैच्या जागचा महिना पुन्हा रविवारी सुरू. कोणताच महिना शुक्रवारी सुरू होत नाही. त्यावरून शायरमध्ये ‘शुक्रवार, १ तारीख’ म्हणजे कधीच न येणारा दिवस असा वाक्प्रचार रूढ झाला. पंचांगातून बोलीभाषेत उतरलेली अशी लकब शोधून ठेवणारा लेखक आपल्या जगात किती खोल राहत होता हे यातून दिसते. दुसरा परिणामही टॉल्कीन यांनी नोंदवला आहे. वार ठरलेलाच असल्यामुळे हॉबिट पत्रात आणि रोजनिशीत तो लिहीनासे झाले. घरी ते सोयीचे होते, पण ब्री गावाच्या पलीकडे प्रवास करणाऱ्याला अडचण येई, कारण बाहेरच्या जगाचा वार आणि त्यांचा वार जुळत नसे.

आश्चर्य असे की नेमका हाच प्रश्न हे परिशिष्ट प्रसिद्ध झाले त्याच वर्षांच्या सुमारास संयुक्त राष्ट्रसंघापुढे होता. एलिझाबेथ अकेलिस यांनी १९३० पासून ‘वर्ल्ड कॅलेंडर’चा प्रसार चालवला होता. त्यात वर्षाचे ९१ दिवसांचे चार समान भाग होते. वर्षअखेरीचा ३६५ वा दिवस आणि लीप वर्षात ३० जूननंतरचा जादा दिवस हे दोन्ही आठवड्याबाहेर. कल्पना आणखी जुनी, मार्को मास्त्रोफिनी या इटालियन धर्मगुरूने ती १८३४ मध्येच मांडली होती. १९५३ मध्ये हा प्रस्ताव संयुक्त राष्ट्रसंघात नेला तो भारताने. त्यामागे मेघनाद साहा यांचा पाठपुरावा होता. १९५२ मध्ये नेमलेल्या भारतीय पंचांग सुधारणा समितीचे तेच अध्यक्ष, आणि त्या समितीच्या अहवालावरूनच २२ मार्च १९५७, म्हणजे १ चैत्र शके १८७९ पासून भारताची राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. वर्ल्ड कॅलेंडर मात्र बारगळले. ज्यू, ख्रिस्ती आणि मुस्लिम संघटनांनी हरकत घेतली : दर सातव्या दिवशी येणारा पवित्र वार अखंड चालत आला आहे, मध्ये एक बिनवाराचा दिवस घातला की ती साखळी तुटेल. १९५५ मध्ये अमेरिकेने विरोध नोंदवला आणि १९५६ मध्ये आर्थिक व सामाजिक परिषदेने विषय बेमुदत बाजूला ठेवला. शायरमध्ये ही सुधारणा विनातक्रार झाली याचे कारण त्यांच्या धर्मविरहित, एकजिनसी, लहानशा मुलखात आहे. गणित दोन्हीकडे सारखेच होते.

महिन्यांच्या नावांचे श्रेय बीड या इंग्लंडमधल्या मठवासी विद्वानाला द्यावे लागते. त्याने ७२५ साली कालगणनेवर लॅटिनमध्ये ग्रंथ लिहिला आणि त्यात ख्रिस्ती होण्याआधीचे अँग्लो-सॅक्सन लोक महिन्यांना काय म्हणत ते नोंदवून ठेवले. ती नावे टॉल्कीन यांनी पिढ्यान्‌पिढ्या बोलून झिजल्यासारखी करून हॉबिटांना दिली : आफ्टरयूल, सॉलमाथ, रेथ, ॲस्ट्रॉन, थ्रिमिज, फोरलाइथ, आफ्टरलाइथ, वेडमाथ, हॅलिमाथ, विंटरफिल्थ, ब्लॉटमाथ, फोरयूल. बीडच्या मते मे महिन्याचे नाव त्या महिन्यात गाईंचे दिवसातून तीनदा दूध काढत त्यावरून पडले, आणि नोव्हेंबरचे बळी दिल्या जाणाऱ्या गुरांवरून. लाइथही त्याच्याकडचाच. जून व जुलै दोन्ही महिन्यांना ते नाव होते, आणि चांद्र वर्षात अधिक महिना आला की तोही लाइथच, त्या वर्षाला ‘तीन लाइथांचे’ म्हणत. तीन लाइथ-महिन्यांचे टॉल्कीन यांनी तीन दिवस केले. एका खऱ्या अधिक मासाची आठवण अशी कल्पित सणात जिवंत राहिली.

कादंबरीत मात्र ही नावे जवळपास येतच नाहीत. आपण एका जुन्या ग्रंथाचा अनुवाद करत आहोत अशी टॉल्कीन यांची भूमिका, म्हणून वाचकाच्या सोयीसाठी त्यांनी मार्च, सप्टेंबर अशी रूढ नावे वापरली. पण महिने शायरचेच राहिले. सनावळीच्या परिशिष्टात ३०१९ सालच्या घटनांमध्ये ३० फेब्रुवारी अशी तारीख आहे, त्या दिवशी एन्ट या वृक्षपालांची सभा सुरू होते. ती छापखान्याची चूक नव्हे.

ड्वार्फांची गणना या सर्वांहून वेगळी, कारण ती चंद्राची. ती येते १९३७ च्या ‘द हॉबिट’मध्ये. त्यांचे नवे वर्ष शरदातल्या शेवटच्या चंद्राच्या पहिल्या दिवशी सुरू होते, आणि त्या दिवशी सूर्य व चंद्र एकाच वेळी आकाशात दिसले तर तो ‘ड्युरिनचा दिवस’. ड्वार्फांचा म्होरक्या थोरिन म्हणतो की तो दिवस आधी सांगण्याची विद्या आता आमच्यात उरलेली नाही. पंचांग जाणणाऱ्याला यातली अडचण लगेच कळेल. चांद्रमास साडेएकोणतीस दिवसांचा, बारा चांद्रमास ३५४ दिवसांचे, सौरवर्षापेक्षा सुमारे ११ दिवस कमी. कोणता चंद्र शरदातला शेवटचा हे आगाऊ ठरवायचे तर अधिक मासाचा पक्का नियम हवा. आपल्याकडे तो संक्रांतीवरून ठरतो : ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत नाही तो अधिक. ड्वार्फांकडे असा नियम राहिलेला नाही, म्हणून ते आकाशाकडे पाहत राहतात. कथेतला प्रसंगही आकाशाला धरून आहे. डोंगराच्या पश्चिम अंगाला कथानायक हॉबिट बिल्बो बसलेला असतो, सूर्य मावळतीला आणि त्याच्याजवळ चंद्राची फिकट कोर. अमावास्येनंतरची नवी कोर अशीच मावळत्या सूर्याच्या मागोमाग पश्चिमेला दिसते. सूर्याचा शेवटचा किरण खडकावर पडतो आणि गुप्त दाराच्या कुलपाचे छिद्र दिसते. एका दरवाजाच्या किल्लीचा प्रश्न टॉल्कीन यांनी पंचांगाचा प्रश्न करून ठेवला आहे.

पुढच्या कादंबरीत, ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये, चंद्राने टॉल्कीन यांनाच त्रास दिला. कथेतली पात्रे वेगवेगळ्या वाटांनी पांगतात, आणि त्या सर्वांना एका रात्री एकच चंद्र दिसला पाहिजे. मे १९४४ मध्ये टॉल्कीन यांनी सैनिकी सेवेत दक्षिण आफ्रिकेत असलेल्या आपल्या मुलाला, ख्रिस्तोफरला, पत्रात कळवले की मुद्रिका नष्ट करायला निघालेल्या फ्रोडोच्या प्रवासातल्या मोक्याच्या दिवसांत चंद्र अशक्य गोष्टी करतो आहे, एकीकडे उगवतो आणि त्याच वेळी दुसरीकडे मावळतो. त्यासाठी आधीच्या प्रकरणांतले काही भाग त्यांना पुन्हा लिहावे लागले. पुढे एका मुलाखतीत त्यांनी सांगितले की चंद्राच्या कला इंग्लंडमधल्या १९४२ सालच्या चंद्रावरून घेतल्या आहेत. कल्पनेने पंचांग रचता येते, पण तिथी मात्र कुठल्यातरी खऱ्या आकाशातूनच आणाव्या लागतात हे त्यांना पटले होते.

युद्ध जिंकल्यावर गॉन्डॉरमध्ये नवी गणना सुरू झाली. मुद्रिका नष्ट झाली तो २५ मार्च हा वर्षाचा पहिला दिवस ठरला. फ्रोडोचा वाढदिवस २२ सप्टेंबर सण झाला आणि लीप वर्षात हाच सण दोन दिवस साजरा होऊ लागला. महाराष्ट्राला हा प्रकार नवा नाही. १६७४ मध्ये शिवाजी महाराजांनी राज्याभिषेक शक सुरू केला तो याच जाणिवेने, की राज्य नवे तर काळही नव्याने मोजला पाहिजे. २५ मार्च या तारखेमागे ख्रिस्ती परंपरा आहे. मेरीला येशूच्या जन्माची वार्ता मिळाल्याचा तो दिवस, मध्ययुगीन समजुतीप्रमाणे क्रूसावरच्या मृत्यूचाही, आणि इंग्लंडमध्ये १७५१ पर्यंत कायदेशीर वर्षारंभाचा. श्रद्धाळू कॅथलिक असलेल्या आणि मध्ययुगीन साहित्यात मुरलेल्या लेखकाने ती तारीख सहज निवडली असे मानणे कठीण आहे. हॉबिटांनी मात्र १४२२ पासून चौथे युग मोजले तरी आपल्या सनाचे आकडे पुढे चालूच ठेवले.

शायरची तारीख आणि आपली तारीख एकच नव्हे. मिड-इयर्स डे हा उन्हाळ्यातल्या सर्वांत मोठ्या दिवसाशी जुळवलेला आहे. त्यामुळे शायरचे पंचांग आपल्यापुढे दहाएक दिवस धावते. आपली १ जानेवारी साधारण त्यांच्या पहिल्या महिन्याच्या ९ तारखेला पडते असे टॉल्कीन स्वतःच सांगतात. बिल्बो आणि फ्रोडो यांचा वाढदिवस, २२ हॅलिमाथ, आपल्या १२ ते १४ सप्टेंबरच्या आसपास येतो. टॉल्कीन सोसायटी २००३ पासून २५ मार्च हा वाचनदिन म्हणून पाळते. शायरच्या सूर्याप्रमाणे मुद्रिका नष्ट झाल्याचा दिवस तोवर आठवडाभर आधीच होऊन गेलेला असतो.